त्या शहरातले दिवे

माझे मालक वेल्डर आहेत. आधी डहाणूच्या थर्मलमध्ये ठेकेदाराकडे होते, मग एजंटाने परदेशात पाठवलं. तिथेही वीज बनवायचंच काम, फक्त कोळशाऐवजी जाड तेल जाळतात. दोन वर्षं बरी गेली आणि त्या देशात लढाई सुरू झाली. यंदा भाद्रपदात त्यांचा फोन लागेनासा झाला. नऊ दिवस झाले, काही खबर नाही.

ज्या सकाळी फोन बंद झाला, त्याच सकाळी माझ्याकडून एक चूक झाली होती. आमच्या तलासरीकडे वेलावरची नवी काकडी महालक्ष्मीला दाखवल्याशिवाय कोणी तोंडात घालत नाही. मी पहिली काकडी तोडली आणि हाताच्या सवयीने टोक कापून, कडू आहे का ते चाखून पाहिलं. एवढ्याशा चवीवरून देवी माणूस नेते का? भीतीपेक्षा हा प्रश्नच मला जास्त छळत होता. पण कोणाला विचारायचं म्हटलं की माझी जीभ आत जाते.

दहाव्या दिवशी त्याच वेलाच्या दोन काकड्या पदराखाली घेऊन देवीला गेले. रांगेत पुढे चिखले गावची एक म्हातारी मावशी आणि तिचा नवरा होता. माझे डोळे बघून ती म्हणाली, “काय झालं गं बाय?” आणि मी सगळं बोलून गेले. काकडीचंसुद्धा.

ती हसली. “चाखलीस म्हणून वेल गोड आहे ते तरी कळलं. कडू आणली असतीस तर देवीने काय तोंड वाकडं करायचं? आता तुझ्या मालकांचं यांना विचार. थर्मलमध्ये बॉयलरवर होते. रिटायर झाले तरी तिथलंच पुराण लावतात.”

काकांनी एकच विचारलं, “त्या शहरात लाइट आहे का?” मला माहीत नव्हतं. त्यांनी मोबाइलवर कालची बातमी शोधून दाखवली. पडलेल्या भिंती, आणि मागे रस्त्यावर दिवे.

“बघ. बॉयलर एकटा चालत नाही. कोणीतरी तिथे उभं आहे.”

“कोण?”

“ते दिव्यावरून कसं कळणार, पोरी?”

मग मी विचारतच गेले. तेल जाळून दिवा कसा लागतो? काका म्हणाले, पाणी उकळायचं, वाफ कोंडायची, त्या वाफेने चाक फिरवायचं.

“भाताच्या टोपाचं झाकण उडतं तसं?”

“तसंच. फक्त टोप नारळाच्या झाडाहून उंच.”

इतक्या दिवसांत पहिल्यांदा मला हसू आलं. मालकांच्या ठिणग्यांनी जळलेल्या सदऱ्यांना मी वर्षानुवर्षं ठिगळं लावली, पण तिथे काय चालतं ते कधी विचारलं नव्हतं.

देवीपुढे ‘माझ्या माणसाला परत दे’ असं म्हणणार होते. तोंडातून निघालं, ‘आई, तिथे जो उभा आहे त्याला सांभाळ.’ का, ते मला अजून कळलेलं नाही.

पाच दिवसांनी मालकांचा फोन आला. पायाचं हाड मोडलं होतं, पण जीव शाबूत होता. मी घाईघाईने म्हटलं, “मी तुमचे दिवे पाहिले!”

ते म्हणाले, “मी नव्हतो गं. मला पहिल्याच दिवशी दवाखान्यात नेलं. माझ्या पाळीला तिथलाच एक माणूस थांबला, त्याने बॉयलर बंद पडू दिला नाही. माझं ऑपरेशन झालं ते त्याच्याच विजेवर.”

“तो बरा आहे ना?”

“मी ते शहर सोडून निघालो तेव्हा तिथेच होता. पुढचं माहीत नाही.”

मालक आता घरी आहेत, काठी घेऊन चालतात. माझं मागणं देवीने ऐकलं, की तिनेच ते माझ्या तोंडी घातलं, याचं कुतूहल अजून आहे. पण उत्तराची घाई नाही. काय मागावं हेही आता मी तिच्यावरच सोडलं आहे. त्या माणसाचं नाव यांनाही ठाऊक नाही. रोज हात जोडून मी नुसतं म्हणते, ‘आई, तो.’ तिला कळतं.