हुकूम आणि अंगठा

रत्नागिरीच्या न्यायालयात चौतीस वर्षे नोकरी करून मी नाझर म्हणून निवृत्त झालो. न्यायालयाने दिलेला हुकूम कागदावरून उचलून माणसाच्या दारात नेऊन ठेवणे, हे नाझराचे काम. समन्स, जप्ती, जागेचा ताबा. हुकूम हा शब्द माझ्या तोंडून आणि लेखणीतून दिवसाला शंभर वेळा गेला असेल, पण त्याचा अर्थ तपासून पाहावा असे मला कधी वाटले नाही. रोज वापरतो त्या विळीची धार आपण कुठे पाहतो? ती कापते एवढे पुरते.

निवृत्तीनंतरही माझी लेखणी थांबली नाही. नगरपालिकेने गटार तुंबलेले ठेवले, एस.टी. स्थानकावरील घड्याळ सहा महिने बंद राहिले, पोस्टातील कारकुनाने पोचपावती हरवली, की मी कागद ओढून बसत असे. प्रत्येक पत्राच्या तळाशी ‘प्रत माहितीसाठी’ लिहून चार-पाच कार्यालयांची यादी. कार्बन पेपर मी डझनाने आणी. मी चष्मा पुसायला घेतला की पत्नी विचारी, “आज कुणाची जप्ती?” मला तो विनोद आवडत नसे. अन्यायावर रागावणे हे माझ्या मते नागरिकाचे कर्तव्य होते, आणि त्या कर्तव्यात मी कधी कसूर केली नाही.

खाडीकाठच्या वस्तीतील एक विधवा बाई माझ्याकडे पत्रे वाचून घ्यायला येत. वयाने माझ्याबरोबरीच्या. मी त्यांना भाभी म्हणे, त्या मला नाझरभाऊ. त्यांचा एकुलता मुलगा तिशीचा होता आणि परदेशी मालवाहू जहाजावर खलाशी होता. मराठी शाळेत नववीपर्यंत शिकलेला, म्हणून पत्रे मराठीत लिही. आईला अक्षरओळख नाही, म्हणून पाकिटावर पत्ता माझा घाली. शेवटी दोन-चार ओळी ‘नाझरकाकांस’ म्हणून माझ्यासाठी असत.

अशाच एका पत्रात त्याने लिहिले होते: ‘नाझरकाका, तुमच्या कोर्टातला शब्द इथे जहाजावर सापडला. आमचा आचारी फिलिपिन्सचा आहे. ते लोक न्यायाधीशाला हुकोम म्हणतात आणि कोर्टाला हुकुमान. मी त्याला सांगितले, आमच्यात हुकूम म्हणजे साहेब बोलला ते. तो म्हणाला, बोलतो तो कसला हुकोम? दोघांचे ऐकून घेतो तो हुकोम.’

मी ताबडतोब चार पानी उत्तर पाठविले. न्यायाधीश वेगळा आणि त्याने दिलेला हुकूम वेगळा, असे मी त्यास कलमवार समजावून दिले. त्यावर त्याचे उत्तर आले की यंत्रखोलीत एक राजस्थानी माणूस आहे, तो मान द्यायचा असेल त्याला ‘हुकुम’ म्हणून हाक मारतो. ‘हुकुम, चहा घ्या,’ असे म्हणतो. म्हणजे त्याच्याकडे हुकूम हा माणूसच झाला, आणि तो चहासुद्धा पितो! उलट आखातातील बंदरांवर तोच शब्द लोक हळू आवाजात उच्चारतात, कारण तिथे अमक्यावर हुक्म झाला म्हणजे कोर्टाने त्याचा निकाल लावला, शिक्षा ठरली. भाभींच्या वस्तीतील मौलवींना मी मुद्दाम गाठून विचारले. ते म्हणाले, मूळ अरबी शब्दात निवाडा करणे हाच अर्थ आहे, आज्ञा हा अर्थ त्यातून पुढे आलेला. एका जुन्या वहीत मी या शब्दासाठी एक पान काढले. पत्त्यांतला हुकूमही त्यात टिपला. भाभी हसून म्हणत, “माजा पोरगा तिकडं काम करतो का तुमची शाळा शिकतो?”

मग जे पत्र आले, त्यात माझ्यासाठीच्या ओळी वेगळ्या कागदावर होत्या. ‘आता आम्ही आखाताच्या वरच्या अंगाला चाललो आहोत. तिकडे जहाजांवर बाँब पडतात हे तुम्ही रेडिओवर ऐकत असाल. आईला एवढे वाचून दाखवू नका.’

मी दाखविले नाही. भाभी समोर बसल्या होत्या. बाकीचे पत्र मी वाचले, तो कागद वहीत सरकविला आणि पाण्याचा तांब्या मागितला.

त्यानंतर पत्र आले नाही. पहिला महिना गेला, दुसरा गेला. सकाळच्या बातम्यांत आखातात जळालेल्या जहाजाचा उल्लेख आला की माझ्या हातातला चहा तसाच राहत असे. कोणते जहाज, कोणत्या देशाचे, किती माणसे, यातले बातम्यांत काही कळत नसे. भाभी दर आठवड्याला येत, पायरीवर बसत आणि एकच विचारीत, “आला का ओ काय?” त्यांना जे ठाऊक नव्हते ते मला ठाऊक होते, आणि ते एकट्याने सांभाळता सांभाळता माझ्या भीतीचा राग झाला. राग मला सवयीचा होता. त्याचे काय करायचे ते मला येत होते.

मुलाला नोकरी लावणाऱ्या मुंबईच्या एजंटास मी एक सभ्य पत्र लिहिले. उत्तर नाही. दुसरे लिहिले. उत्तर नाही. तेव्हा मी ते केले, जे आता लिहिणे भाग आहे.

भाभींचे गुडघे दुखत. प्रत्येक अर्जासाठी त्यांना खाडीवरून चढण चढून यावे लागू नये म्हणून मी त्यांचे अंगठे चार कोऱ्या कागदांवर तळाशी आधीच घेऊन ठेवले होते. अर्ज लिहिणारे लोक सर्रास असे करतात. नोकरीत असताना असा कागद समोर आला असता, तर मी तो परत केला असता आणि लिहिणाऱ्यास चार शब्द सुनावले असते. पण हे कागद माझ्या स्वतःच्या कपाटात होते, आणि माझा हेतू शुद्ध आहे याबद्दल माझी खात्री होती.

त्यांतल्या एका कागदावर मी इंग्रजीत लिहिले: मी अर्जदार, सदर खलाशाची आई. माझ्या मुलास धोक्याच्या पाण्यातून तात्काळ उतरवून कंपनीने स्वखर्चाने घरी पाठवावे. तसे न केल्यास मी फौजदारी तक्रार दाखल करीन. खाली त्यांचा अंगठा होताच. ‘समक्ष’ म्हणून मी माझी आद्याक्षरे घातली. अर्ज एजंटास आणि प्रती पाच कार्यालयांना पाठविल्या. पोस्टातून परतताना मला हलके वाटत होते.

या वेळी उत्तर आले, आणि लवकर आले. आपल्या मागणीनुसार सदर इसमास जहाजाच्या पुढील बंदरात उतरविण्याविषयी कप्तानास कळविण्यात आले आहे. पुढे त्या बंदराचे नाव होते.

ते नाव मी रोज सकाळी रेडिओवर ऐकत होतो.

मी ते पत्र हातात धरून किती वेळ उभा होतो कोण जाणे. जहाज निदान चालते. बंदर जागचे हलत नाही. ज्या गावावर बाँब पडत होते, त्या गावात, ओळखीचे कोणी नसताना, भाषा येत नसताना, त्या पोराला सामानासकट धक्क्यावर उतरविण्यात येणार होते, आणि ते मी मागितले होते. पत्नीने विचारले, “काय झालं? कुणाचं आहे?” मी म्हटले, “नगरपालिकेचं.”

त्याच दुपारी मी एजंटास माझ्या नावाने तार केली: खलाशास उतरवू नये. तीन दिवसांनी उत्तर आले की अर्जदाराखेरीज अन्य कोणाचेही म्हणणे विचारात घेता येत नाही. हे वाक्य मी स्वतः शेकडो लोकांना ऐकविले होते. त्यात चूक काढायला मला जागा सापडेना.

कपाटात अजून तीन अंगठे होते. मी एक कागद काढून टेबलावर ठेवलाही. लेखणी उघडली. पण काय लिहायचे ते मला कळेना. उतरवू नका म्हणावे आणि जहाजच जळाले तर? उतरवा म्हणावे आणि धक्क्यावर बाँब पडला तर? आजवर इतकी पत्रे लिहिली, पण आपण लिहू ते खरोखर घडेल अशी भीती मला कधी वाटली नव्हती.

मी छत्री घेतली आणि खाडीकडे उतरलो. त्यांच्या घरी मी प्रथमच जात होतो. भाभी अंगणात सुकट वाळत घालीत होत्या. मला पाहताच त्यांच्या हातातले सूप खाली पडले. नाझराचे दारात येणे चांगले नसते, हे त्या वस्तीतही सगळ्यांना ठाऊक होते.

“गेला का माजा पोरगा? सांगा बेगीन!”

“नाही, भाभी. तसं काही नाही. बसा. मला बोलू द्या.”

मी सगळे सांगितले. लपविलेला कागद, आखाताचा वरचा भाग, कोरा कागद, अंगठा, अर्ज, बंदर. सांगताना मी तारखा सांगितल्या, जावक क्रमांकही सांगितले, कारण त्यांशिवाय मला बोलता येत नव्हते. त्यांनी सगळे ऐकून घेतले. शेवटी स्वतःच्या अंगठ्याकडे पाहात म्हणाल्या,

“म्हंजे माज्या पोराला मीच उतरवलाय.”

“तुम्ही नाही. मी.”

“कागदावर कोण हाय?”

मी अंगणात पडलेले सूप उचलून ठेवले.

“आता लिवा,” त्या म्हणाल्या. “माज्या म्होरं लिवा.”

“काय लिहू? जहाजावरच ठेवा म्हणून लिहू?”

“मना कसा कळंल खंय धोका कमी हाय? तुमाला तरी कसा कळला व्हता?” त्यांचा आवाज पहिल्यांदा चढला. “तो तिकडं हाय ना? मग त्यालाच इचारा म्हनावा. उतरतोस का रवतोस, ता तोच सांगंल. एवढाच लिवा. जास्ती एक अक्षर लिवू नका!”

आम्ही दोघे चालत तारघरात गेलो. गुडघे धरून त्या चढण चढल्या. रिक्षाला त्यांनी नकार दिला, आणि माझ्या हाताच्या आधारालाही. तारेत आठ शब्द होते. मी लिहिलेला तो सर्वांत लहान अर्ज. कारकुनाने फॉर्म पुढे केला तेव्हा त्यांनी शाईच्या पॅडवर अंगठा टेकण्याआधी मला विचारले, “वाचून दाखवा.” मी वाचले. “परत वाचा.” मी परत वाचले. मग अंगठा उठला.

तारेला उत्तर आले नाही.

पुढचे दिवस कसे गेले ते लिहिणे मला जमणार नाही. रेडिओ बंद ठेवावा तर बातमी चुकेल, लावावा तर ऐकू येईल. दोन वेळा त्या बंदराचे नाव आले. पोस्टमन दिसला की मी आत जाऊन बसत असे आणि पत्नीला पुढे पाठवी. तिलाही एव्हाना सारे कळले होते. तिने विनोद करणे सोडले होते. भाभी माझ्याकडे येईनाशा झाल्या होत्या, आणि त्यांनी यावे असे म्हणण्याचे धैर्य मला नव्हते. बाजारात एकदा लांबून दिसल्या. मी मासळीच्या ओळीतून मागे फिरलो. आयुष्यभर लोक मला पाहून गल्ली बदलीत आले. ते कसे असते हे मला त्या दिवशी समजले.

सतराव्या दिवशी दुपारी भाभी आणि त्यांचा मुलगा माझ्या पायरीशी उभे राहिले.

तो वाळला होता. दाढी वाढलेली. मी उठून उभा राहिलो. माझ्या पत्नीने त्याला हाताला धरून आत आणले आणि पंखा लावला.

“तुमची तार मला मिळालीच नाही, नाझरकाका,” तो म्हणाला. “ती जहाजावर पोचली असेल तेव्हा मी धक्क्यावर होतो.”

त्याने थोडक्यात सांगितले. कप्तानाने त्याला बोलावून बंदरावर टपालाने आलेला अर्ज हातात दिला आणि सामान बांधायला सांगितले. आचारी मध्ये पडला. हे कोणत्या हुकोमने ठरविले, ह्या माणसाला कोणी विचारले का, असे तो कप्तानाला विचारीत राहिला आणि शेवटी त्याला कप्तानाच्या खोलीबाहेर काढण्यात आले. मग पाच दिवस धक्क्यालगतच्या गोदामात. दिवसासुद्धा भोंगा वाजे आणि सगळे पोत्यांमागे पडून राहत. एकदा पलीकडची भिंत गेली. सहाव्या दिवशी एका लहान बोटीत जागा मिळाली.

“आणि जहाज?” मी विचारले.

“ठीक आहे. परत गेलं आपल्या वाटेनं.” मग तो म्हणाला, “पोत्यांमागे पडलेलो असताना मी आईला शिव्या दिल्या. घरी बसून तूच मला मरायला उतरवलंस म्हणून. आयुष्यात पहिल्यांदा.”

भाभींनी ओच्यातून घडी घातलेला कागद काढला. कप्तानाने दिलेला तोच अर्ज. घामाने आणि पाण्याने शाई पसरलेली, पण अंगठा ठसठशीत.

“ह्यात काय लिवलाय ता मना मराठीत सांगा,” त्या म्हणाल्या. “एक एक करून. त्याच्या म्होरं.”

मी चष्मा लावला. पहिले वाक्य वाचून अर्थ सांगितला.

“हा मी सांगितला व्हता?”

“नाही.”

“म्होरं.”

दुसरे वाक्य. तिसरे. प्रत्येक वाक्यानंतर तोच प्रश्न आणि माझे तेच उत्तर. मुलगा जमिनीकडे पाहात ऐकत होता. साक्षीदारांची उलटतपासणी मी जन्मभर पाहिली. वकिलांचा आवाज चढे, टेबलावर हात आपटे. इथे आवाज चढला नाही. फौजदारी तक्रारीचे वाक्य आले तेव्हा मी चष्मा काढून पुसला आणि परत लावला. कोऱ्या कागदावरील अंगठ्याच्या वर परस्पर मजकूर लिहिणाऱ्यास कायदा काय म्हणतो, हे त्या घरात फक्त मला ठाऊक होते.

“संपला?”

“संपलं.”

मुलाने मान वर केली आणि आईकडे पाहिले. त्या दोघांत काहीतरी सुटले, हे मला दिसले. त्याने हळूच तिच्या पाठीवर हात ठेवला आणि तिने तो झटकला नाही.

मग भाभींनी कागद माझ्या पुढ्यात सरकविला आणि बोट अंगठ्याच्या बाजूला टेकविले.

“आता हितं तुमचा नाव लिवा. पुरा.”

मी पूर्ण नाव लिहिले.