शिळ्या पाण्याची शेती

माझा धाकटा भाऊ सुहास समाज सोडून वाळवंटात राहायला निघाला, तेव्हा त्याला स्टेशनवर पोचवायला निम्मी चाळ आली होती. लोअर परळची एसीतली नोकरी सोडून तो, बायको नीता आणि मुलगी सई राजस्थानात स्वतः पिकवून स्वतः खाणार होते. "महिन्याभरात परत येतील," असं मी नायगावभर सांगून ठेवलं होतं. दोन उन्हाळे उलटले तरी आले नाहीत, तेव्हा आईने मला त्यांना आणायला पाठवलं.

गेलो आणि बघतच राहिलो. स्वतःच्या हातांनी बांधलेलं मातीचं गार घर, दारात शेळ्या, ताटात घरची बाजरी, घरचं ताक (सुके बोंबील तेवढे मी नेलेले). आमच्याकडे साधा बल्ब गेला तरी मी इलेक्ट्रिशियनला फोन करतो. पण मोठ्या भावाने लगेच कौतुक कसं करायचं? ठरवलं, आधी आपला उपयोग दाखवायचा, मग परतीचा विषय काढायचा.

पहाटे सवयीने जाग आली. पाणी भरण्यात आमच्या मजल्यावर माझा हात धरणारा कोणी नाही. नळ यायच्या आत कालचं शिळं पाणी ओतायचं, भांडी घासायची, ताजं भरायचं. इथे तर माठ, हंडे, पिंप, सगळं काठोकाठ शिळं! मी सगळं अंगणात ओतलं, राखेने लख्ख घासलं, हंडे ओळीत मांडले आणि नळ शोधू लागलो.

सई डोळे चोळत आली. "काका, काय शोधताय?"

"नळ कुठाय गं?"

"नळ नाहीये. पाणी विहिरीवरून आणतो. लांब आहे."

सुहासने ओलं अंगण पाहिलं. मी शिव्या खायच्या तयारीत उभा.

"दादा, आज चहा नाही," एवढंच तो म्हणाला.

"शेळीचं दूध घ्या, मग निघू," नीता म्हणाली आणि हंडा उचलून चालूही लागली.

कोणी कुरकुरलं नाही. सई दोन कळशा घेऊन परतली, थेंब सांडला नाही. माझा हंडा वाटेतच अर्धा झाला. त्या तिघांचा मला इतका अभिमान वाटला, की परतीचा विषय काढायची लाजच वाटली.

"आणलंस का त्यांना?" आईने दारातच विचारलं.

"ते मजेत आहेत. मलाच परत पाठवलं."

परवा सईने फोटो पाठवला. मी पाणी ओतलं तिथे भोपळ्याचा वेल पसरलाय. तेव्हापासून चाळीत सांगत फिरतोय, राजस्थानात आपली पण थोडी शेती आहे.