मॅचच्या वेळी गेलेली एर्मितास

सान मामेदे गावात कोणी गेलं की आधी डोरिंदाला कळायचं, मग पाद्र्याला. पूर्वी ती पावाची गाडी चालवायची. दाराला पावाची पिशवी अडकवता अडकवता कोण गेलं, दफन कधी, हे सांगून पुढच्या दारी जायची. पुढे गुडघ्यांनी दगा दिला, गाडी विकली, गावातली निम्मी माणसं कोरुन्या, विगो अशा शहरांत पांगली. बातमी पोचवायची खोड मात्र सुटली नाही. मग तिनं इंटरनेटवर एक पान काढलं, फक्त मयतांचं. पांगलेली माणसं रोज जेवण झालं की ते उघडत आणि ओळखीचं कोणी नसलं की निवांत झोपत. भिंतींवर मयताचे कागद चिकटवणं तेव्हापासून बंदच झालं.

आणि हे पान नेमकं फुटबॉलच्या मॅचला बंद पडायचं. एकाच पत्त्यावर हजारो पानं भाडेकरूंसारखी राहतात. त्यात एखादा मॅच चोरून दाखवणारा निघाला की इंटरनेट कंपनी त्या पत्त्यालाच कुलूप ठोकायची. कोर्टाचा तसा हुकूमच होता म्हणे. डोरिंदानं तक्रार केली तेव्हा फोनवरचा पोरगा गोड आवाजात म्हणाला, "सेन्योरा, तुम्ही स्वतंत्र पत्ता का घेत नाही? थोडे जास्त पैसे पडतील."

"का घेऊ? माझ्या मेलेल्यांनी काय चोरलंय?"

त्यानं तक्रार नोंदवून घेतली. नोंदवायला कोणाच्या बापाचं काय जातंय!

एका रविवारी सकाळी एर्मितास गेली. नवरा नाही, मूल नाही. पण गावातलं एकही दफन या बाईनं चुकवलं नव्हतं. पाऊस असो, थंडी असो, शवपेटीमागे तिचा काळा कोट ठरलेला. दफन सोमवारी सकाळी होतं. रिकाम्या चर्चमधून जाण्याएवढी नामुष्की त्या मुलखात दुसरी नाही. डोरिंदानं बातमी लिहिली, आणि पान उघडेना. रविवारी एकामागून एक मॅच, म्हणजे झोपेपर्यंत कुलूप.

तिनं होते नव्हते तेवढे नंबर फिरवले. एर्मितासच्या भावाला, ओरेन्सेच्या अमारोला, चार वेळा फोन केला. आईच्या शेतावरून बहिणीशी भांडून गेल्यापासून तो गावातला कोणाचाच फोन घेत नसे. मग डोरिंदा उठली आणि तडक शेनारोच्या बारमध्ये गेली. मॅच रंगात आली होती. ती टीव्हीपुढे जाऊन उभी राहिली. अंगानं चांगली भरलेली बाई. पडद्याचे फक्त कोपरे दिसत राहिले.

"ए, बाजूला हो!"

"एर्मितास गेली. उद्या अकराला दफन. पोरांना, भावंडांना, सगळ्यांना फोन लावा. माझ्यासमोर. तोवर मी हलणार नाही."

"अगं, पेनल्टी आहे!" शेनारो काउंटरमागून ओरडला. "आणि या मॅचसाठी मी दर महिन्याला रक्त ओकून पैसे भरतो. समोरचा फुकट्या चोरून दाखवतो. त्याला बंद करतायत तर तुझ्या का पोटात दुखतंय?"

"त्याला पकडा की! तुरुंगात घाला, मी डबा पोचवीन. पण चोर सापडत नाही म्हणून अख्ख्या आळीला बाहेरून कडी घालायची? उद्या तुझी आई जाईल, शेनारो. आधी मॅचचं वेळापत्रक बघून जा म्हणून सांगशील तिला?"

तेवढ्यात रस्त्यापलीकडून, त्या फुकट्याच्या घरातून, आरोळी उठली. गोल झाला होता. बारमध्ये कोणालाच दिसला नाही. शिव्या झाल्या, कोणीतरी टेबलावर मूठ आपटली. मग कोपऱ्यातल्या म्हाताऱ्या बेनिग्नोनं मुकाट्यानं फोन काढला आणि लेकीला लावला. हळूहळू सगळ्यांनीच लावले. शेवटी शेनारोनंही.

सोमवारी चर्चमध्ये उभं राहायला जागा नव्हती. डोरिंदाला वाटलं, जिंकलो.

मंगळवारी सकाळी तिच्या दारात अमारो उभा होता. हातात फुलं, चेहरा पांढराफटक. तिनं त्याला स्वयंपाकघरात बसवलं, कॉफी पुढे केली. त्यानं पेल्याला हात लावला नाही.

"मी रोज बघतो तुझं पान," तो म्हणाला. "का बघतो ते तुला ठाऊक आहे. रविवारी उघडलंच नाही. म्हटलं, आज कोणी गेलं नसेल. काल रात्री उघडलं."

डोरिंदाला आधी रडू आलं आणि मग संताप.

तेवढ्यात फोन वाजला. तोच गोड आवाज.

"सेन्योरा, आम्ही तपासलं. पान व्यवस्थित उघडतंय. तर तुमची तक्रार मिटली असं लिहू ना?"

"मला विचारू नकोस," डोरिंदा म्हणाली. "इथं एर्मितासचा भाऊ बसलाय. मिटली म्हणून त्याला सांग."

आणि तिनं फोन अमारोच्या हातात दिला.