बद्रीनाथरावांनी जावई हलवून पाहिला

बद्रीनाथरावांवर चार ओळी लिहा, असं त्यांच्या मुलीनं, मेघानं, मला सांगितलं. खरं तर मी त्यांना फारसं ओळखत नव्हतो. भिंतीपलीकडचे शेजारी, एवढंच. त्यांचं गाव कोणतं, हेसुद्धा मला त्यांच्या मयतीच्या दिवशी कळलं.

चिकलठाण्याच्या एका कारखान्यात नौदलाच्या जहाजांसाठी पंप बनतात. तिथं बद्रीनाथराव हादऱ्यांच्या टेबलावर होते. पंप टेबलावर आवळायचा, टेबल हलवायचं, वेग वाढवत न्यायचा. ज्या वेगाला पंप सगळ्यात जास्त थरथरतो, तिथंच त्याला दोन तास ठेवायचं. काही ढिलं झालं की पंप परत. बद्रीनाथरावांनी समुद्र कधी पाहिला नव्हता. पण "हलवल्याबिगर वस्तू कळत नाय," म्हणत घरात नवा कुकरसुद्धा ते आधी हलवून बघायचे.

मेघानं सत्यमला पसंत केलं. तो घरी आला, पोहे झाले, आणि बद्रीनाथरावांनी भाच्याची रिक्षा दारात आणली. त्रयस्थ साक्षीदार लागतो म्हणून मला पुढं स्वतःच्या शेजारी बसवलं. सत्यमला मागं मधोमध बसवून दोरीनं आवळलं.

"पाव्हणं, राग मानू नका. बोल्ट मारता येत नायत."

कारखान्यांमागच्या खड्ड्यांच्या रस्त्यावर त्यांनी हळूहळू वेग वाढवला. एका ठिकाणी सत्यमचे दात वाजू लागले.

"घावला!" बद्रीनाथराव ओरडले. "आता हितंच ठेवायचं."

आम्ही त्याच रस्त्यावर फेऱ्या मारत राहिलो.

"नोकरी कशी हाये, पाव्हणं?"

"चां-चां-चांगली."

मग त्याच्या शर्टाचं बटण तुटून पडलं. बद्रीनाथरावांनी रिक्षा थांबवली आणि बटण माझ्या तळहातावर ठेवलं. "बघा काका. ढिलं झालं."

घरी येऊन त्यांनी सांगितलं, "स्थळ परत."

मेघा रडली नाही. "बाबा, पंप टेबलावर कसा बसवता?"

"जहाजावर बसणार तसाच. नायतर परीक्षा बाद."

"मग ह्यांना एकट्याला कशाला बसवलं? लग्न झाल्यावर एकटेच राहणारेत व्हय?"

बद्रीनाथरावांनी दोरी पुन्हा उचलली. "बसवायलाच चुकलो," ते म्हणाले. "पुन्हा घ्यावी लागंल."

या खेपेला मेघा सत्यमचा दंड धरून शेजारी बसली. तेच खड्डे, तोच वेग. सत्यम थरथरला, पण पुष्कळ कमी. दोघं हसत मात्र होती. हे चालतं का, मी भीत भीत विचारलं.

"हसण्याला मर्यादा दिलेली नाय," ते म्हणाले.

दोन तास भरले. काही निखळलं नाही. लग्न झालं, मेघा पुण्याला गेली.

बद्रीनाथराव गेले त्याच्या आदल्या संध्याकाळी आम्ही भिंतीपाशी उभे होतो.

"मेघाचा फोन?" मी विचारलं.

"आला ना. दिवाळीला येतायत. जावई विचारतोय, स्टेशनवर रिक्षा घेऊन येता का."

"मग?"

"जाईन. दोरी नाय नेणार."