बाळ उपासनींचा म्हातारा

बाळ उपासनींनी पहिला म्हातारा रंगवला तेव्हा ते जेमतेम तिशीचे होते. ठरलेला नट आयत्या वेळी आजारी पडला, म्हणून केसांना पांढरं फासून ते उभे राहिले आणि टाळ्या घेऊन गेले. तिथेच घोळ झाला. मग जो तो त्यांना बापाच्याच कामाला बोलावू लागला. नाटकात नायिकेचे वडील; सिनेमात न्यायाधीश, नाहीतर ऑपरेशन थिएटरमधून मान हलवत बाहेर येणारे डॉक्टर. मुलुंडच्या बाजारात लोक चेहरा ओळखायचे, नाव मात्र कुणाला आठवत नसे.

एकदा एका दिग्दर्शकाने त्यांना नायकाचं काम देऊ केलं होतं. अट एकच, बाकीची नाटकं सोडायची. बाळरावांना धीर झाला नाही.

"हे पडलं तर पुन्हा कोण विचारणार?" ते बायकोला, उत्तराला म्हणाले.

त्याही नाटकात ते वडीलच झाले. नाटक तुफान चाललं आणि नायक झालेला पोरगा कुठल्या कुठे गेला. ती सल बाळरावांच्या मनातून कधी गेली नाही.

पंचाहत्तरी उलटल्यावर गंधाली नावाची तरुण दिग्दर्शिका घरी आली. "काका, अख्खा सिनेमा एका म्हाताऱ्याचा आहे. तुम्हीच हवेत मला."

उत्तराबाईंनी रोज बसून त्यांचे संवाद घोकून घेतले. घरी चोख यायचे. सेटवर कॅमेरा सुरू झाला, की दोन वाक्यांनंतर पाटी कोरी. शेवटी गंधालीने त्यांच्या कानात छोटंसं यंत्र बसवलं. त्यातून वाक्यं सांगायची सोय केली. मग बाळरावांनी मॉनिटरवर स्वतःला पाहिलं. तो बोलणारा माणूस दिसत नव्हता, ऐकणारा दिसत होता.

"पोरी, दुसरा कुणी बघ."

"काका, थांबू ना आपण. मला घाई नाही."

"मला आहे. रोज थोडं थोडं जातंय गं."

भूमिका एका पन्नाशीच्या नटाकडे गेली. बाळरावांना गंधालीने बागेतल्या बाकावर बसणारा शेजारी दिला, एकही वाक्य नसलेला. तो त्यांनी केला.

सिनेमा लागला तेव्हा नवराबायको दुपारच्या खेळाला गेले. थिएटर अर्धं रिकामं होतं. मध्येच उत्तराबाईंना शेजारी कुजबुज ऐकू आली. पडद्यावरचा नट बोलायच्या आधीच बाळराव ते वाक्य म्हणत होते. एक शब्द चुकत नव्हता.

"अहो, येतंय की सगळं!"

"आता येऊन काय उपयोग," ते म्हणाले, आणि पुढचं वाक्य हुकू नये म्हणून घाईने पडद्याकडे वळले.