सरकारी सिनेमात आमचं जातं

आमच्या खोडाळ्यात सिनेमावाले चारच दिवस राहिले, पण त्यांचे किस्से अजून सरत नाहीत. चौघी तांदूळ निवडायला बसलो की एक निघतो, त्याला धरून दुसरा. बहुतेकांत फजिती माझीच, म्हणून सांगायचा हक्कही माझाच!

संस्थान विलीन होऊन दोन-तीन वर्षं झाली असतील. सरकारला म्हणे आमचं रोजचं जगणं जसंच्या तसं हवं होतं. मुंबईच्या थेटरात मोठ्या सिनेमाआधी ते दाखवणार होते.

रोजचं म्हटल्यावर मी अंगण सारवलं, भिंतीला गेरू लावला, लग्नातलं लुगडं नेसले आणि नथ घालून शेण गोळा करायला निघाले. सिनेमावाल्या साहेबांनी विचारलं, "बाई, रोज अशाच जाता?"

"हो तर," मी म्हटलं. मागे आमचे हे खोकत सुटले.

*

किसनदादांना बैल घेऊन कॅमेऱ्यासमोरून जायचं होतं, तिकडे न बघता. ते दर वेळी थांबायचे, रामराम करायचे, जेवलात का म्हणून विचारायचे. साहेब वैतागले, तर दादा म्हणाले, "पाहुण्यापुढून मुक्यानं जाऊ? आमच्यात असं नसतं."

चार वेळा असंच झालं. पाचव्या वेळी दादा मान खाली घालून मुकाट गेले, तर बैल कॅमेऱ्यापाशी येऊन उभे राहिले.

*

शेजारच्या जानकीचा लेक महादू भांडून मुंबईला गेला होता. दोन वर्षं ना निरोप, ना पत्ता. थेटरचं ऐकल्यापासून तिचं एकच, "त्याला माझं तोंड दिसलं म्हंजी झालं." त्यासाठीच तिनं आपलं जातं दारात मांडलं.

जात्याला दोघी समोरासमोर बसतात. एकीचं तोंड दाराबाहेर, दुसरीची पाठ. बाहेर तोंड करून कोण बसणार हे सगळ्या गावाला ठाऊक होतं. मीच टपकन बसले! खुंटा धरला, नागली टाकली, पदर सारखा केला.

थोड्या वेळानं जानकी हळूच म्हणाली, "बाय, आता जागा बदलू."

"एवढा घास होऊ दे," मी म्हटलं.

घास झाला आणि साहेबांचं रीळही संपलं. त्यांनी पेटी मिटली. जानकी पीठ भरून आत गेली. त्यानंतर बरेच दिवस मी तिच्याकडे विरजण मागायलासुद्धा गेले नाही.

*

भात कापणीच्या सुमारास भर दुपारी महादू आला. पिशवी नाही, काही नाही. मोखाड्याहून पळतच आला होता. जानकी उंबऱ्यात उठून उभी राहिली आणि तो तिथंच मटकन खाली बसला.

गर्दीत सगळ्यात पुढे अर्थात मी.

माझ्याकडे बोट करून तो म्हणाला, "काकी, थेटरात आमचं दार दिसलं, आमचं जातं दिसलं, त्याच्यावर तू बसलेली, समोर कुणाची तरी नुसती पाठ. मला वाटलं, आईच राहिली नाही."

जानकीनं त्याला पाणी दिलं. मग दुसरा तांब्या भरला आणि माझ्या हातात दिला.