अण्णांच्या खड्ड्यातली हुमणी

माहेरची मिरची यापुढं घरात घेणार नाही, असं माझ्या बायकोनं ज्या दिवशी आपल्या भावजयीला तोंडावर सांगितलं, त्या दिवशी आमच्या परड्यात मिरचीचं एक रोपसुद्धा नव्हतं. हे मी नंतर तिच्या लक्षात आणून दिलं. ती म्हणाली, "ते तुम्ही बघा."

भावजय पेठ वडगावची. दर वर्षी चैत्र संपता संपता ती बैलगाडीनं यायची, वर्षाच्या चटणीसाठी वाळलेल्या मिरचीचं गाठोडं सोप्यात ठेवायची आणि पाण्याचा तांब्या तोंडाला लावायच्या आधी एक वाक्य बोलायची. त्या वर्षीचं वाक्य असं होतं : "दाजी साऱ्या संस्थानाची जमीन मोजत्यात, आन् घरच्या जमिनीत बोटभर मिरची पिकत न्हाय."

मी दरबारच्या मोजणी खात्यात होतो. साऱ्या संस्थानाची नव्हे, दोन तालुक्यांची जमीन मोजत होतो. पण बाकी वाक्यात दुरुस्ती करण्यासारखं काही नव्हतं. बायकोनं त्या वर्षापुरतं गाठोडं ठेवून घेतलं आणि बजावलं, "वैनी, पुढल्या सालची चटणी माझ्या परड्यातल्या मिरचीची. इकत आणलेली न्हाय, कुणी दिलेली न्हाय."

"बघू की," भावजय म्हणाली. या दोन शब्दांनी पुढं आमच्या घरात फार काम केलं.

शाहूपुरी तेव्हा नुकती वसत होती. महाराजांच्या कारकिर्दीतली ती नवी पेठ. घरांपेक्षा मोकळ्या जागा जास्त, आणि माती कालपरवापर्यंत शेताची. मी परड्याला दोरी लावून वाफे पाडले. ते इतके सरळ झाले की कुंपणापलीकडचे अण्णा मुद्दाम बघायला आले. अण्णा गुळाचे अडत्ये, जैन, माझ्यापेक्षा वयानं थोडे मोठे. त्यांच्या परड्यात एक गाय, देवपूजेसाठी जास्वंद आणि कुंपणाला लागून शेणखताचा खड्डा. वाफे बघून ते म्हणाले, "मोजणीदार, रांग सरळ हाय ते मिरचीला कळतंय का हो?"

आषाढात रोपं लावली. श्रावणात ती माना टाकू लागली. आधी मला वाटलं पाणी कमी पडतंय, म्हणून चर काढून पाणी दिलं. मग वाटलं पाणी जास्त होतंय, म्हणून चर बुजवले. शेवटी एक रोप धरून ओढलं, तर ते काही जोर न लावता हातात आलं. खाली मूळ म्हणून काही राहिलंच नव्हतं, न्हाव्यानं वस्तरा फिरवल्यासारखं साफ. खळग्यात एक पांढरी, जाड अळी अंगाचं वेटोळं करून निजली होती. डोकं तांबूस, शेपटाकडं कातडीतून पोटातली माती दिसत होती.

"हुमणी," बायको म्हणाली. "माहेरी भुईमुगात बघितलीया."

मी परड्याच्या चार कोपऱ्यांत आणि मध्ये हातभर चौरस जागा खणली, प्रत्येक जागेतली हुमणी मोजली आणि सरासरी काढली. अकरा आली. परड्याचं क्षेत्र माहीत होतंच. गुणाकार करून मी बायकोला एकूण आकडा सांगितला.

"बरं झालं," ती म्हणाली. "आता त्यो आकडा त्यास्नी बी सांगा, म्हंजे भ्याऊन जातील."

मग खुरपं घेऊन बसलो. एकानं राख घालायला सांगितली होती, घातली. हुमणीला राखेचं काही वाटलं नाही. शेवटी प्रत्येक रोपाभोवतीची माती उकरायची, हुमणी वेचायची आणि बादलीत टाकायची, हाच उपाय खरा ठरला. बादलीत पाणी आणि वर थोडं घासलेट. ते दिवस भाद्रपदातले, अण्णांच्या व्रताचे. ते कुंपणापाशी आले आणि बादलीत डोकावले.

"मोजणीदार, काय हाय ह्यात?"

"हुमणी."

"पाण्यात?"

"वर थोडं घासलेट आहे."

अण्णांनी बादलीवरून नजर काढली. मग म्हणाले, "एवढ्या जिवांचा हिशेब पुढं कुठं देणार तुम्ही?"

"अण्णा, मिरची मरतेय."

"आमच्या शास्त्रात मिरचीला एक इंद्रिय. हुमणीला दोन."

बायको मागच्या दारात लसूण सोलत होती. तिथूनच म्हणाली, "आन् मला पाच हाईत, अण्णा. पाची इंद्रियांस्नी चटणी पायजे."

अण्णा हसले, पण हटले नाहीत. "मारू नका अक्का. मला द्या. लोक पांजरपोळात गुरं सांभाळत्यात, मी हुमणी सांभाळतो."

"द्या की त्यास्नी," बायको मला म्हणाली. "माझ्या वाफ्यातनं गेल्याशी कारण."

तेव्हापासून रोज सकाळी कचेरीला निघण्याआधी मी मातीसकट हुमणी एका मडक्यात घालून कुंपणावरून द्यायचो आणि अण्णा मडकं दोन्ही हातांनी घ्यायचे. ती हुमणी ते आपल्या शेणखताच्या खड्ड्यात सोडत आणि वर केळीचं पान झाकत. "आज किती?" असं रोज विचारत. मी आकडा सांगितला की समाधानानं मान हलवत. इतकी सोयीची व्यवस्था मी खात्यातही पाहिली नव्हती. मला मारल्याचं पाप नाही, त्यांना वाचवल्याचं पुण्य, आणि हुमणीला शेण.

मिरचीला मात्र या व्यवस्थेचा उपयोग उशिरा झाला. बरीच रोपं आधीच गेली होती. जी वाचली त्यांची मिरची सुपाच्या एका कोपऱ्यात मावली. चैत्रात भावजय आली. बजावलेलं असूनही गाठोडं घेऊन आली. उन्हात ठेवलेल्या सुपाकडं बघून म्हणाली, "वन्सं, एवढी तर आमच्याकडं दिष्ट काढायला लागती."

बायकोनं गाठोडं घेतलं. ते घेताना तिचा चेहरा असा झाला होता की मी सोप्यातून उठून आत गेलो. आतून ऐकू आलं, "पुढल्या साली." आणि मग, "बघू की."

हे सगळं अण्णांनी पलीकडून ऐकलं. त्यांना वाईट वाटलं. दुसऱ्या दिवशी कुंपणाशी येऊन म्हणाले, "अक्का, मिरची का गेली ठावं हाय? तुमच्या जमिनीला खत न्हाय. माझ्या खड्ड्यातलं घाला. कुजून लोण्यासारखं झालंय." आणि नको नको म्हणत असताना गडी लावून निम्मा खड्डा आमच्या परड्यात आणून टाकला. मी ते खत प्रत्येक वाफ्याला सारख्याच पाट्या पडतील असं मोजून घातलं. त्यात मधे मधे तपकिरी गोळे होते, बोरीच्या बियांएवढे. न कुजलेलं शेण असेल असं समजून ते मी एका जागी राहू न देता सगळीकडं सारखे पसरले.

ज्येष्ठात वळीव झाला. त्या दिवशी संध्याकाळी अण्णा रोजच्यासारखे सूर्य मावळायच्या आत जेवून ओसरीवर बसले होते. आम्ही दिवा लावून जेवायला बसलो. पहिला भुंगेरा दिव्याच्या काचेवर आपटून माझ्या आमटीत पडला. मी तो काढला. दुसरा भाकरीवर बसला. मग घोंगावत इतके आले की मी मोजायचं सोडलं, आणि हे माझ्याकडून सहसा होत नाही. बायकोनं केसांतून एक ओढून काढला, दिव्यापाशी धरून बघितला आणि कंदील घेऊन परड्यात गेली.

"अवं, हिकडं या."

मी गेलो. मिरचीसाठी तयार केलेल्या वाफ्यांची माती जागोजागी हलत होती. मातीतून एकेक भुंगेरा डोकं वर काढायचा, पंख झटकायचा आणि उडायचा. मी सारखे पसरलेले ते तपकिरी गोळे शेणाचे नव्हते. वाफ्यांची रांग सरळ असल्यामुळं तेही रांगेनं निघाल्यासारखे दिसत होते. पलीकडं खड्ड्यातून तर धूर निघावा तसे उठत होते.

बायकोनं कंदील उंच केला आणि कुंपणावरून हाक दिली, "अण्णा, तुमची पोरं मोठी झाली. बघायला या."

अण्णा आले. बराच वेळ बघत राहिले. मग हळूच म्हणाले, "आता चार इंद्रियांची झाली."

"झाली न्हवं? आता माझ्या वाफ्यात अंडी घालतील. मंग मिरचीची किती इंद्रियं उरत्यात ते सांगा."

एक मादी किती अंडी घालते हे मला माहीत नव्हतं. पण कितीही कमी धरली तरी आकडा गेल्या वर्षीपेक्षा मोठाच येत होता. मी तो सांगणार होतो, पण बायकोनं माझ्याकडं बघितलं.

"अण्णा," ती म्हणाली, आणि आता तिचा आवाज चेष्टेचा नव्हता, "मी तुम्हास्नी मारा म्हणत न्हाय. तुमचं व्रत तुमच्यापाशी. पर यंदा मिरची गेली, तर वैनी माझ्या दारात येऊन हसंल. मला माहेरी तोंड दाखवाय जागा ऱ्हाणार न्हाय. त्यो दोष कुणाच्या खात्यावर मांडायचा, तुम्हीच सांगा."

अण्णा व्यापारी माणूस. खात्यावर मांडायची गोष्ट त्यांनी कधी हसण्यावारी नेली नाही. "उद्या सांगतो," म्हणाले आणि गेले.

दुसऱ्या दिवशी तिन्हीसांजेला ते गुळाची रिकामी तरटं घेऊन आले. भुंगेरे मातीतून निघाले की कुंपणावरच्या बोरीवर आणि अण्णांच्या कडुनिंबावर पाला खायला बसतात, हे त्यांनी आदल्या दिवशी ओसरीवरून पाहिलं होतं. झाडाखाली तरटं पसरली. मी आकडीनं फांद्या हलवल्या. भुंगेरे टपाटपा पडले आणि पडल्यावर थोडा वेळ मेल्यासारखे निपचित राहिले. तेवढ्यात अण्णा आणि बायको ते पोत्यात भरत. पोत्यात अण्णांनी बोरीचा पाला घातला होता, वाटेत उपाशी राहू नयेत म्हणून.

"आता हे सोडणार कुठं?" मी विचारलं. "दुसऱ्याच्या रानात सोडले तर तेही पापच."

"त्याचाच इचार रातभर केला. पन्हाळ्याच्या वाटंवर मुरमाड माळ हाय. तिथं गवताशिवाय काय येत न्हाय."

गुऱ्हाळं बंद झाल्यामुळं अण्णांच्या गाड्या रिकाम्याच होत्या. सकाळी पोतं गाडीत गेलं. जकात नाक्यावर नाकेदारानं गाडी अडवली आणि माल काय म्हणून विचारलं. गाडीवान म्हणाला, "भुंगेरं." नाकेदाराला हे चुकवाचुकवीचं उत्तर वाटलं. त्यानं स्वतःच्या हातानं पोत्याचं तोंड सोडून खात्री करून घेतली. त्यानंतर वळवाचे दिवस असेपर्यंत त्या गाडीला नाक्यावर कुणी थांबवलं नाही.

खड्डा राहिला होता. खाली अजून काय काय निजलंय याचा नेम नव्हता. बायकोनं तो विषय काढायच्या आधीच अण्णा म्हणाले, "खड्डा उपसून उन्हात पसरा. तुमच्या वाफ्यातलं खत बी वर काढा. फक्त कुणी मारायचं न्हाय."

"आम्ही न्हाय मारत," बायको म्हणाली. "पर साळुंक्या येतील, कावळं येतील."

"पाखरांस्नी मी काय सांगणार? त्यांचं पोट हाय."

तरी ज्या दिवशी खड्डा उपसला त्या दिवशी अण्णा सकाळीच आपल्या देवळात, बस्तीत, जाऊन बसले. जाताना मला म्हणाले, "मोजणीदार, झालं की निरोप धाडा. काय झालं ते सांगू नका." गड्यानं फावडं लावलं आणि घटकाभरात सगळ्या पेठेतले कावळे आमच्या कुंपणावर आले. मी निरोप धाडला, "झालं."

त्या श्रावणातही हुमणी निघाली, नाही असं नाही. बायको रोज सकाळी रोपांभोवती माती उकरून ठेवायची आणि घरात निघून यायची. पुढचं काम साळुंक्या करायच्या. मी पुन्हा हातभर चौरसांत मोजणी केली. सरासरी दोन आली. अकरावरून दोन! अण्णा कुंपणाशी भेटले की हा आकडा माझ्या जिभेवर यायचा. पण ते आता "आज किती?" असं विचारत नव्हते. गुळाचा भाव बोलायचे, पावसाचं बोलायचे, साळुंक्या दिसल्या की पाठ फिरवून जास्वंद तोडायचे. मीही तो आकडा पोटातच ठेवला. ते मला किती जड गेलं हे खात्यातला माणूसच समजू शकेल.

पौषात परडं तांबडं झालं. मिरची वाळवायला धोतर पुरेना, म्हणून अण्णांकडची तीच तरटं झटकून आणली.

चैत्रात भावजय आली. गाठोडं होतंच. बायकोनं त्याला हात लावला नाही. तिला उन्हातल्या तरटांपाशी नेलं. दोघींनी मिळून चटणी कांडली. भावजयीनं बोट लावून चाखली, ठसकली, डोळे पुसले.

"तिखट हाय," म्हणाली. "रंग जरा कमी."

"रंग बघायचा असला तर लुगडी बघावीत, वैनी."

भावजय त्या चटणीशी तीन भाकऱ्या खाऊन गेली. बायकोनं गाठोडं न सोडता गाडीत परत ठेवलं आणि वर चटणीची एक बरणी दिली. गाडी वळेपर्यंत ती दारात उभी होती. इतकं खूश मी तिला आमच्या लग्नातही पाहिलं नव्हतं. अर्थात तेव्हा ती नऊ वर्षांची होती आणि झोपलेली होती.

पुढल्या चैत्रात भावजय आली ती मोकळ्या हातांनी. गप्पा झाल्या, जेवणं झाली. बायको दोनदा बाहेर जाऊन गाडीत बघून आली. भावजय गेल्यावर सोप्यात बसून राहिली.

"काय झालं?" मी विचारलं.

"माहेर आटलं म्हणायचं. चार मिरच्या सुद्धा आणल्या न्हाईत."

"अगं, नको म्हणून तूच सांगितलंस. गाठोडं तूच परत केलंस."

"मी नको म्हणायचं," ती म्हणाली, "आन् तिनं आणायचं. एवढं बी कळत न्हाय व्हय तुम्हास्नी?"

मला खरंच कळलं नव्हतं. कुंपणापलीकडं अण्णा जास्वंद तोडत होते. त्यांना बहुधा कळलं असावं, कारण त्यांनी हळूच पाठ फिरवली.